राजकीय ध्रुवीकरण : अर्थ, कारणे, परिणाम आणि आपली जबाबदारी

विधानसभा निवडणुकीचे दिवस होते. वर्गात नागरिकशास्त्राचा तास चालू होता आणि आम्ही मुलांना गुप्त मतदान म्हणजे काय ते समजावून सांगत होतो. एक मुलगा उभा राहिला. म्हणाला, "सर, आपले लोक कोणत्या पक्षाचे हायेत?" आम्ही विचारले, "आपले लोक म्हणजे कोण रे?" तो म्हणाला, "आपल्या मोहल्ल्यातले." तेवढ्यात मागच्या बाकावरून दुसऱ्याने उत्तर दिले, "ते फिक्स असतंय सर." वर्ग हसला. आम्हीही हसलो, पण ते "फिक्स" डोक्यातून गेले नाही.

मत गुप्त असते, हे त्या मुलाला अजून शिकायचे होते. पण आपले मत आधीच ठरलेले असते, हे तो शिकून बसला होता. आपल्याकडेच असे आहे असे नाही. दुसऱ्या आळीतल्या, दुसऱ्या जातीतल्या मुलांनाही आपापले "फिक्स" माहीत आहे. यालाच राजकीय ध्रुवीकरण म्हणतात. वर्तमानपत्रात आणि टीव्हीवर हा शब्द रोज येतो. त्याचा नेमका अर्थ काय, ते कशामुळे होते आणि त्यात आपले काय जाते, हे आमच्या कुरुंद्याच्या (ता. वसमत, जि. हिंगोली) आणि मराठवाड्याच्या उदाहरणांवरून समजून घेऊ.

ध्रुवीकरण म्हणजे नेमके काय?

विज्ञानाच्या तासाला कागदावर लोखंडाचा कीस टाकून खालून चुंबक फिरवला की कीस दोन टोकांना गोळा होतो. मध्ये फारसे काही उरत नाही. समाजाचेही तसेच होते. लोक दोन टोकांना जमतात आणि मधली जागा ओस पडते.

मतभेद म्हणजे ध्रुवीकरण नव्हे, हे आधी स्पष्ट केले पाहिजे. कालव्याचे पाणी कोणाला आधी मिळावे, शाळेची खोली कुठे बांधावी, हमीभाव किती असावा यावर माणसांचे वाद होणारच. ते झाले पाहिजेत. लोकशाही त्यासाठीच आहे. पण आज पाण्यावरून ज्याच्याशी वाद झाला, तो उद्या शाळेच्या मुद्द्यावर आपल्या बाजूला असू शकतो, हे निरोगी समाजाचे लक्षण आहे. ध्रुवीकरण झाले की प्रत्येक प्रश्नावर तीच दोन टोळकी समोरासमोर येतात. मग मुद्दा काय आहे हे कोणी विचारत नाही. कोण बोलतोय, एवढेच बघितले जाते.

अभ्यासक याचे दोन प्रकार सांगतात. एक विचारांचे ध्रुवीकरण, म्हणजे धोरणांबद्दलची मते एकमेकांपासून लांब जाणे. दुसरे भावनांचे, म्हणजे मते फार वेगळी नसतानाही समोरच्याचा तिटकारा येणे. यातले दुसरे जास्त घातक. अमेरिकेत 1960 मध्ये लोकांना विचारले होते, तुमच्या मुलाने किंवा मुलीने विरोधी पक्षाच्या घरात लग्न केले तर वाईट वाटेल का? "हो" म्हणणारे शंभरात साधारण पाच निघाले. 2010 मध्ये तसाच प्रश्न विचारला, तेव्हा रिपब्लिकन पक्षाच्या जवळजवळ निम्म्या आणि डेमोक्रॅटिक पक्षाच्या सुमारे एक तृतीयांश लोकांनी आपण नाराज होऊ असे सांगितले. पन्नास वर्षांत पक्ष हा मत देण्यापुरता राहिला नाही. जात किंवा बिरादरी असावी तसा झाला. आपल्याकडे जात आणि बिरादरी आधीपासूनच आहेत. त्यांना पक्षाचे रंग चढले की काम आणखी सोपे होते.

नेते फिरतात, गाव फिरत नाही

आमच्या हिंगोली मतदारसंघाचा गेल्या काही वर्षांचा इतिहास बघा. 2014 च्या लोकसभा निवडणुकीत काँग्रेसचे राजीव सातव आणि शिवसेनेचे सुभाष वानखेडे यांच्यात लढत झाली. सातव 1,632 मतांनी निवडून आले. गावागावांत दोन्हीकडचे लोक एकमेकांना भिडले होते. पाच वर्षांनी, 2019 मध्ये, तेच वानखेडे काँग्रेसचे उमेदवार म्हणून उभे राहिले आणि शिवसेनेच्या हेमंत पाटलांनी त्यांचा पराभव केला.

जून 2022 मध्ये शिवसेना फुटली. शेजारच्या कळमनुरीचे आमदार संतोष बांगर आधी उद्धव ठाकरे यांच्या बाजूने होते. 4 जुलैला विश्वासदर्शक ठरावाच्या दिवशी ते एकनाथ शिंदे यांच्या बाजूला गेले. खासदार हेमंत पाटीलही पुढे शिंदे गटात गेले. 2024 मध्ये पाटलांची उमेदवारी जाहीर होऊन बदलली गेली, बाबूराव कदम कोहळीकर उभे राहिले आणि ठाकरे गटाचे नागेश पाटील आष्टीकर एक लाखाहून अधिक मतांनी निवडून आले. जुलै 2023 मध्ये राष्ट्रवादी काँग्रेसही फुटली. वसमत विधानसभेत राजू नवघरे आणि जयप्रकाश दांडेगावकर हे तोपर्यंत एकाच पक्षात होते. 2024 मध्ये ते एकमेकांच्या विरोधात लढले आणि नवघरे निवडून आले.

यात कोणाला नावे ठेवायचा आमचा हेतू नाही. पक्ष बदलणे कायद्याच्या चौकटीत असेल तर तो त्यांचा निर्णय. आमचा प्रश्न वेगळा आहे. नेते एका रात्रीत इकडचे तिकडे होतात, एकमेकांच्या घरच्या लग्नाला जातात, शेजारी बसून जेवतात. पण त्यांच्यासाठी गावात ज्या दोन भावांनी एकमेकांचे तोंड बघणे बंद केले, त्यांचे काय? नेत्यांना परतीचा रस्ता असतो. बांध लागून असलेल्या दोन शेतकऱ्यांना तो सहज सापडत नाही. 2014 मध्ये तुटलेली बोलचाल 2019 मध्ये उमेदवाराने पक्ष बदलला म्हणून आपोआप जुळत नाही.

कारणे

पहिले कारण, निवडणुकीचे गणित. आपल्याकडे ज्याला सर्वात जास्त मते तो निवडून येतो. त्याला निम्मी मते मिळालीच पाहिजेत असे नाही. 1,632 मतांवर जिथे खासदार ठरतो, तिथे प्रत्येक मोहल्ला, प्रत्येक वस्ती, प्रत्येक जात हा हिशोबाचा आकडा होतो. सगळ्यांना थोडे थोडे पटवण्यापेक्षा एका गठ्ठ्याला दुसऱ्याची भीती घालून एकत्र ठेवणे स्वस्त पडते. रस्ता बांधायला वेळ आणि पैसा लागतो, भीती घालायला एक भाषण पुरते.

दुसरे कारण, कमी पडणाऱ्या संधी. आमच्या भागात शेतीचे तुकडे लहान होत चालले आहेत. हळद आणि सोयाबीनचा भाव कधी चढतो कधी कोसळतो आणि शिकलेल्या पोरांना नोकरी नाही. भाकरी लहान आणि खाणारे जास्त असले की वाटणीवरून भांडण होते. 29 ऑगस्ट 2023 रोजी जालना जिल्ह्यातल्या अंतरवाली सराटीत मनोज जरांगे पाटील उपोषणाला बसले. 1 सप्टेंबरला तिथे लाठीमार झाला आणि मराठा आरक्षणाचा प्रश्न घराघरांत पोचला. 26 नोव्हेंबरला हिंगोलीत ओबीसींची मोठी सभा झाली. दोन्ही बाजूंचे बहुतेक लोक शेतकरी आणि मजूरच. दोघांचेही दुःख खरे होते. पण त्या काळात मराठवाड्यातल्या कितीतरी गावांत एकमेकांच्या दुकानात जाणे टाळले गेले. बागवान, तांबोळी, अत्तार, पिंजारी अशा मुस्लिम बिरादऱ्याही ओबीसी यादीत आहेत, त्यामुळे हा वाद आपल्यापासून लांब आहे असे समजू नये.

तिसरे कारण, गावातल्या संस्था. ग्रामपंचायत निवडणूक पक्षाच्या चिन्हावर होत नाही. गावाचा कारभार पक्षाच्या भांडणात सापडू नये, हा त्यामागचा चांगला विचार. प्रत्यक्षात पॅनल कोणाचे हे शाळकरी पोरगाही सांगतो. सेवा सोसायटी, साखर कारखाना, बाजार समिती, शिक्षण संस्था, सगळीकडे गट ठरलेले. पीक कर्ज, ऊसाची तोड, दाखला, पोराची नोकरी, या गोष्टी गटाशी जोडल्या गेल्या की माणूस मनाने नसला तरी पोटासाठी एका बाजूला जातो.

चौथे कारण, हातातला मोबाईल. पूर्वी अफवेला एका गावातून दुसऱ्या गावात जायला दिवस लागायचा. आता चहा संपायच्या आत ती जिल्हाभर फिरते. ज्या मजकुराने राग येतो तो जास्त पुढे पाठवला जातो आणि ज्यावर लोक जास्त वेळ थांबतात तोच समाजमाध्यमे पुन्हा पुन्हा समोर आणतात. प्रत्येकाच्या ग्रुपमध्ये त्याच्याच विचाराचे लोक. त्यामुळे समोरचा माणूस काय म्हणतो ते त्याच्या तोंडून कळत नाही. त्याच्या विरोधकाने केलेली त्याची नक्कल तेवढी कळते.

पाचवे कारण, जुन्या जखमा. मराठवाड्यात "रझाकार" हा शब्द अजूनही निवडणुकीच्या वेळी बाहेर काढला जातो. रझाकारांनी जुलूम केले, ही वस्तुस्थिती आहे आणि ती आपण नाकारता कामा नये. पण इतिहास तेवढाच नाही. रझाकारांच्या विरोधात लिहिणारे उर्दू दैनिक इमरोजचे संपादक शोएबुल्ला खान यांची ऑगस्ट 1948 मध्ये हैदराबादेत हत्या झाली. आपल्या शेजारच्या नांदेड जिल्ह्यात तहसीलदार असलेले फरीद मिर्झा यांनी रझाकारांच्या अत्याचाराचा निषेध म्हणून नोकरी सोडली. हे दोघेही मुसलमान होते. पोलीस ॲक्शननंतर जे घडले ते पाहायला केंद्र सरकारने पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफ्फार यांची समिती पाठवली होती. समितीचा अंदाज 27 ते 40 हजार मृत्यूंचा होता आणि सर्वाधिक झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत नांदेडचे नाव होते. हिंदू शेजाऱ्यांनी स्वतःचा जीव धोक्यात घालून मुसलमानांना वाचवले, हेही त्याच अहवालात आहे. तो अहवाल कित्येक दशके लोकांसमोर आला नाही. ध्रुवीकरण करणारा इतिहासाचे अर्धे पान वाचून दाखवतो. हा दोष दोन्हीकडे आहे. आपल्या घरांत जी गोष्ट सांगितली जाते, तीही पुष्कळदा अर्धीच असते.

परिणाम

घर आणि शेजार. आमच्या भागात हळद काढायला, शिजवायला, वाळवायला जी माणसे लागतात ती सगळ्या जातीधर्मांची असतात. पिकवणारा एक, टेम्पोवाला दुसरा, हमाल तिसरा आणि अडत्या चौथा. कोणाकडून घेऊ नका, कोणाला देऊ नका, अशी हाक दिली गेली की फक्त समोरच्याचे दुकान बंद होत नाही, ही सगळी साखळी तुटते. गरिबाच्या घरात आधी चूल विझते. बहिष्काराची हाक देणाऱ्यांच्या घरची विझत नाही.

अफवेला बळ. 1 जुलै 2018 रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवेतून जमावाने पाच जणांना ठार मारले. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, भिक्षा मागून पोट भरणारे लोक होते. ही घटना पक्षीय नव्हती. पण अनोळखी माणसाबद्दल मनात आधीच संशय असला की काय होते, ते त्यातून कळते. जून 2023 मध्ये कोल्हापुरात काही तरुणांच्या मोबाईल स्टेटसवरून तणाव झाला आणि बंदच्या दिवशी दगडफेक, तोडफोड झाली. स्टेटस ठेवणारे मोजके आणि नुकसान झाले ज्यांना त्या स्टेटसची खबरही नव्हती त्यांचे. आपल्या पोरांनी हे नीट समजून घेतले पाहिजे. पंधरा सेकंदांच्या जोशाची किंमत एखादा हातगाडीवाला चाचा भरतो.

कामाचे प्रश्न मागे पडतात. मार्च 2022 नंतर राज्यातल्या बहुतेक जिल्हा परिषदांची मुदत संपली आणि निवडणुका लांबून तिथे प्रशासक आले. जिल्हा परिषद म्हणजे गावची शाळा, दवाखाना, रस्ता, नळ योजना. या सगळ्यावर विचारायला लोकांचा सदस्यच नव्हता. त्याच काळात चौकाचौकांत मुंबई-दिल्लीच्या सत्तानाट्यावर मात्र हातघाईची चर्चा चालू होती. शाळेतल्या रिकाम्या जागांवर अशी चर्चा झालेली आम्ही क्वचितच ऐकली.

आपल्या समाजावरचा परिणाम. हा मुद्दा आम्हाला सर्वात महत्त्वाचा वाटतो. 2011 च्या जनगणनेप्रमाणे महाराष्ट्रात मुस्लिम 11.54 टक्के आहेत. 2024 च्या लोकसभेत राज्याच्या 48 खासदारांपैकी एकही मुस्लिम नाही. 2004 मध्ये ए. आर. अंतुले निवडून आले, त्यानंतर थेट 2019 मध्ये औरंगाबादेतून इम्तियाज जलील, तेही 4,492 मतांनी. 2024 मध्ये महाविकास आघाडीने राज्यात एकाही मुस्लिमाला लोकसभेची उमेदवारी दिली नाही. काँग्रेसचे नसीम खान यांनी त्यावर उघड नाराजी व्यक्त केली होती.

असे का होते? ध्रुवीकरणात एका बाजूच्या हिशोबात आपण "कधीच न येणारे" असतो आणि दुसऱ्या बाजूच्या हिशोबात "हमखास येणारे". जो कधीच येणार नाही त्याच्या दारात जाऊन उपयोग नाही, आणि जो येणारच आहे त्याच्या दारात जायची गरज नाही. दोन्हीकडून आपले दार मोकळेच राहते. 2014 च्या जुलैमध्ये सरकारने मराठ्यांना 16 टक्के आणि मुस्लिमांमधील मागास घटकांना 5 टक्के आरक्षणाचा अध्यादेश काढला. नोव्हेंबरमध्ये उच्च न्यायालयाने मराठा आरक्षणाला स्थगिती दिली, पण मुस्लिमांसाठीचे शिक्षणातले आरक्षण चालू ठेवायला हरकत घेतली नाही. पुढे मराठा आरक्षणासाठी 2018 आणि 2024 मध्ये कायदे झाले. 5 टक्क्यांचा कायदा झाला नाही. एका बाजूला तो "लांगूलचालन" वाटतो. दुसरी बाजू निवडणुकीत आश्वासन देते, पण ते पाळले नाही तरी मते जाणार नाहीत याची तिला खात्री असते. त्या मुलाने जे हसत सांगितले होते, "ते फिक्स असतंय", त्याची ही किंमत आहे.

आणि एक परिणाम आपल्या आत होतो. समाज एका बाजूला उभा आहे असे दिसावे म्हणून आतले प्रश्न दाबले जातात. मोहल्ल्यातल्या एखाद्याने वेगळे मत मांडले की "बिकाऊ" म्हणायला वेळ लागत नाही. मुलींचे शिक्षण का थांबते, पोरे दहावीनंतर कुठे जातात, वक्फच्या जमिनीचे उत्पन्न कुठे जाते, हे प्रश्न विचारायला "ही वेळ नाही" असे सांगितले जाते. ती वेळ मग येतच नाही.

एक जुना प्रयोग आणि आमच्या गावचा पूर

बी.एड.ला असताना मानसशास्त्रात एक प्रयोग अभ्यासाला होता. तुर्कस्तानात जन्मलेले शास्त्रज्ञ मुझफ्फर शरीफ यांनी 1954 मध्ये अमेरिकेतल्या ओक्लाहोमा राज्यात तो केला. अकरा-बारा वर्षांची 22 मुले, सगळी सारख्या घरांतली. त्यांना शिबिरात नेऊन दोन गट केले. आधी काही दिवस गटांना एकमेकांची खबरही नव्हती. मग त्यांच्यात बक्षिसांच्या स्पर्धा लावल्या. थोड्याच दिवसांत मुले एकमेकांचे झेंडे जाळू लागली, एकमेकांच्या खोल्यांवर धाडी घालू लागली. ना जात वेगळी, ना धर्म वेगळा. फक्त दोन गट आणि एकच बक्षीस.

पुढचा भाग जास्त शिकण्यासारखा आहे. दोन्ही गटांना एकत्र जेवायला बसवले तर मुलांनी एकमेकांवर अन्न फेकले. नुसते एकत्र बसवून उपयोग झाला नाही. मग शिबिराचे पाणी बंद पडले, तसे ते बंद पाडले होते. दोन्ही गटांनी मिळून टाकीचा बिघाड शोधला. नंतर सामानाचा ट्रक सुरू होईना म्हणून सगळ्यांनी मिळून दोराने ओढला. अशी चार-दोन कामे एकत्र केल्यावर शत्रुत्व विरत गेले आणि परत जाताना मुलांनी एकाच बसने जायचे ठरवले.

कुरुंद्याला हे पुस्तकातून शिकावे लागले नाही. जुलै 2022 च्या दुसऱ्या आठवड्यात, मुंबईतला विश्वासदर्शक ठराव होऊन आठवडाही उलटला नव्हता, तेव्हा अतिवृष्टीने गावात पूर आला आणि घराघरांत पाणी शिरले. 10 जुलैला आषाढी एकादशी आणि बकरी ईद एकाच दिवशी होती. ज्यांच्या घरात दोन दिवसांपूर्वी टीव्हीवरून वाद चालू होते, त्यांचे टीव्हीच पाण्यात होते. भिजलेले धान्य उचलताना, चिखल उपसताना, म्हाताऱ्या माणसांना उंचावर नेताना कोणी कोणाचा गट विचारला नाही. पंचनाम्याच्या यादीत सगळ्यांची नावे एकाखाली एक होती. पाणी ओसरले, काही महिने गेले आणि जुने गट पुन्हा दिसू लागले, हेही खरे. म्हणूनच एकत्र काम पुराची वाट न बघता नेहमी चालू राहिले पाहिजे.

ते ठरवून करता येते, याचा दाखला भिवंडीत आहे. 1970 आणि 1984 मध्ये तिथे भीषण दंगली झाल्या. 1988 मध्ये पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी तिथे मोहल्ला समित्या सुरू केल्या. दोन्ही समाजांचे साधे रहिवासी आणि पोलीस नियमित एकत्र बसू लागले. विषय साधेच होते, भाडेकरूचे भांडण, नळाचे पाणी, पोरांची मारामारी. डिसेंबर 1992 आणि जानेवारी 1993 मध्ये मुंबई पेटली आणि श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालानुसार 900 माणसे गेली. तेव्हा एवढीशी दूर असलेली भिवंडी शांत राहिली. संकटाच्या रात्री कोणाला फोन करायचा हे तिथल्या लोकांना आधीपासून माहीत होते.

आपण काय करावे?

खबर तपासा. सूरह हुजुरातमध्ये आलेली खबर आधी पडताळून पाहण्याची ताकीद आहे, की नकळत कोणाचे नुकसान होऊन मग पस्तावायची वेळ येऊ नये. त्याच सूरहमध्ये एकमेकांची टिंगल करू नये, वाईट नावे ठेवू नयेत, बदगुमानी टाळावी, असेही सांगितले आहे. व्हॉट्सॲपवर मेसेजच्या वर दोन बाण दिसले तर तो फार वेळा पुढे ढकललेला असतो. तो तुमच्यापाशीच थांबवा. घरातल्या मुलांचे स्टेटस बघा, रागावण्याआधी त्यांच्याशी बोला.

ग्रामसभेला जा. 26 जानेवारी, 1 मे, 15 ऑगस्ट, 2 ऑक्टोबर या दिवशी ग्रामसभा होते. तिथे पक्षाचे नाव न घेता नाली, पाणी, शाळा, दाखले यावर बोला. आपल्या बायकांनीही गेले पाहिजे. तुमच्या गल्लीचा प्रश्न मांडताना शेजारच्या गल्लीचा प्रश्नही मांडा. मग ते लोक तुमच्या बाजूने उभे राहतात.

शाळा व्यवस्थापन समितीत या. 2009 च्या शिक्षण हक्क कायद्याने या समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असतात आणि निम्म्या महिला असतात. गावातले वेगवेगळ्या समाजांचे आईबाप एका टेबलाभोवती, एकाच कारणासाठी बसतात अशा जागा फार थोड्या उरल्या आहेत. ही त्यातली एक आहे.

सणांच्या वेळी मोठे मन ठेवा. 28 सप्टेंबर 2023 रोजी ईद-ए-मिलाद आणि अनंत चतुर्दशी एकाच दिवशी आली. मुंबईत आणि राज्यात ठिकठिकाणी मुस्लिमांनी जुलूस दुसऱ्या दिवशी काढायचे ठरवले. 2024 मध्येही मुंबईचा जुलूस पुढे ढकलून 18 सप्टेंबरला निघाला. कोणाचा इमान त्याने कमी झाला नाही. शांतता समितीची बैठक पोलीस ठाण्यात फक्त सणाआधी होते, ती वर्षभर चालू राहावी असा आग्रह धरा.

मत विचारून द्या. कोणाला द्यायचे ते प्रत्येकाने आपल्या घरात, आपल्या अकलेने ठरवावे. आम्ही एवढेच म्हणतो, जो दारात येईल त्याला, मग तो कोणत्याही पक्षाचा असो, बसायला जागा द्या आणि पाच वर्षांचा हिशोब मागा. जो येत नाही, त्याला बोलवा. ज्याला आपले मत गृहीत धरता येत नाही, तोच आपल्या प्रश्नाचे उत्तर तयार करून येतो. आणि आपल्या घरातला एखादा वेगळे मत देत असेल तर त्याला गद्दार म्हणू नका. दस्तरखानावर दोन मते असली म्हणून बरकत जात नाही.

त्या दिवशी वर्गात आम्ही फळ्यावर एक चौकोन काढला आणि म्हणालो, ही मतदानाची पेटी समजा. आता सगळ्यांनी चिठ्ठीवर लिहा, शाळेत सगळ्यात आधी काय व्हायला पाहिजे. नाव लिहायचे नाही. चिठ्ठ्या उघडल्या तर सगळ्यात जास्त चिठ्ठ्यांवर एकच गोष्ट होती, मुलींसाठी चांगले स्वच्छतागृह आणि पिण्याचे पाणी. चिठ्ठ्यांवरून कोणती कोणत्या मोहल्ल्यातली हे सांगता येत नव्हते. "फिक्स असतंय" म्हणणारा मुलगा चिठ्ठ्या मोजायला पुढे आला होता. मोजून झाल्यावर तो म्हणाला, "सर, हे तर सगळ्यांचं सेमच निघालं."